वऱ्हाडी मावशीचे बोल

३ नोव्हेंबर
पुन्हा जागरण! रात्री उशिराच्या त्या गप्पांच्या कार्यक्रमासाठी मी मुंबईला विनोद लिहून पाठवते, हे आमच्या रिठद गावात कोणालाही ठाऊक नाही. घरीही नाही. आज ‘वऱ्हाडी मावशी’ झालेल्या नटाने माझी वाक्ये म्हटली — प्रेक्षक गप्प! नंतर एका पाहुण्याने लाकूड कापायच्या करवतीवर भूपाळी वाजवली, तेवढीच गंमत. लेखनप्रमुख रीताताईंचा निरोप: “फार छापील लिहितेस गं. गावचं पाठव!”
मराठीत जिल्ह्यात पहिली आल्याची ही शिक्षा.

५ नोव्हेंबर
पाठवले. माझे नव्हे, आईचे. बाबा सकाळपासून मोबाइलमध्ये. आई म्हणाली, “अवो, त्याले दात येऊन राह्यले काय? मांडीवरून खाली नाही ठेवलं!”

७ नोव्हेंबर
मावशीच्या तोंडी आईचे वाक्य — प्रेक्षक कोसळले! पाहुणी गायिका हसता हसता गाण्याचे शब्दच विसरली. बाबा म्हणाले, “अवं, हे तं तुह्यासारखीच बोलते!”
“साऱ्या घरी असंच असते,” आई म्हणाली. हसली, पण थोडीच. मी टीव्हीवरची नजर काढली नाही. तिला कळू नये, एवढेच!
रीताताईंना आता रोज हवे. नाव पडद्यावर देणार म्हणतात. ‘नको’ लिहिले — खोडले.

१२ नोव्हेंबर
थकले. आई बोलते तेव्हा मी ऐकत नाही, मनात टिपत असते. आज तिचा गुडघा सुजला होता. “हा गुडगा म्हंजे जावई झाला बाई! काम सांगतलं की रुसते!” मी हसले. लगेच पाठवले, तिच्या कमरेवर हात ठेवून लंगडण्यासकट.
तेल लावून द्यायचे राहिले.

१४ नोव्हेंबर
नट कमरेवर हात ठेवून लंगडत आला. तोंडी आईचा गुडघा. हशा थांबेना. शेवटी लेखकांमध्ये माझे नाव! बाबा ओरडले, “रुख्मिणे, पोरीचं नाव पाय!”
आईने वाचले. जाहिराती लागल्या तरी पाहत राहिली. मग उठली, सवयीने कमरेवर हात ठेवला — आणि चटकन काढून घेतला. भिंत धरून आत गेली.

१५ नोव्हेंबर
रीताताईंना कळवले: यापुढे नाही. आईपाशी जाऊन उभी राहिले. वाक्ये नीट बांधून नेली होती. तेलाची वाटी तिच्याजवळ ठेवून परतले.

१६ नोव्हेंबर
आई आज बोलली. शाळा तपासायला आलेल्या बाईंशी बोलावे तसे, शब्द शब्द जपून —
“तू जेवली आहेस का?”