चादरीची घडी

सोलापूर, १२ जानेवारी २०२५

चि. साक्षीस, जयभीम व आशीर्वाद.

आज तुझ्या आईला जाऊन वर्ष झालं. सकाळी वंदना, मग जेवणं. वीस माणसं होती. तुझी परीक्षा, त्यामुळे तू नव्हतीस.

दुपारी यशपालकाकाने तू केलेली फिल्म टीव्हीवर लावली. गच्चीवर तू आणि आई धुतलेल्या चादरीची घडी घालताय. चित्र दिसलं, आवाज येईना. काकाने वायरी उपसल्या, रिमोट आपटला. शेजारच्या काशम्मा म्हणाल्या, जन्मभर आमचे कान खाल्ले आणि आज मुद्दाम गप्प बसली की मीनाबाई. सगळे हसले, मीही. मग तू फिल्मसोबत लिहून पाठवलेलं काकाने नीट वाचलं, तेव्हा कळलं की फिल्म बिनआवाजाचीच आहे.

फिल्म चांगली आहे. पण घरात तिचा आवाज कुठंच नाही. तुझ्याकडे असला तर पाठव. फोनवर मागता आलं नसतं.

तुझे बाबा

पुणे, १९ जानेवारी

ती. बाबांना सप्रेम जयभीम.

आवाज आहे. मीच काढून टाकला. टोकं जुळवताना आई मध्येच थांबते ना, तिथं ती म्हणाली होती की हात वर केला की छातीत कळ येते. बाबांना सांगू नको म्हणाली, लगेच दवाखान्यात नेतील, तुझं शूटिंग राहील. मी बरं म्हणाले, आणि तिला पुन्हा पहिल्यापासून घडी घालायला लावली. नवव्या दिवशी ती गेली.

परीक्षा नव्हती, बाबा. तुमच्याशेजारी बसून ते बघवलं नसतं.

रागावलात तरी लिहा.

तुमची साक्षी

सोलापूर, २७ जानेवारी

चि. साक्षीस आशीर्वाद.

दोन दिवस राग होता. कुणावर, ते नीट कळलं नाही. त्याच आठवड्यात ती दोनदा जिन्यात बसलेली मी पाहिली होती. दमलीस का विचारलं. व्हय म्हणाली. मी भाजीची पिशवी घेऊन वर गेलो. हे आजवर कुणाला बोललो नाही.

आवाज पाठव. काही कापू नकोस.

बाबा

सोलापूर, ५ फेब्रुवारी

चि. साक्षीस आशीर्वाद.

आवाज मिळाला. सकाळी ऐकला. कळ येते म्हणाली, तेही ऐकलं. तू परत घडी घालायला सांगितलंस तेव्हा तुला लई शहाणी म्हणाली आणि हसली. मोठ्यानं हसली. तेवढं तू विसरली असशील.

पुढच्या सुट्टीत घरी ये. माझ्यावरची माया आहे तशी राहू दे.

तुझे बाबा

ता. क. घरातलं पीठ संपलं होतं. डब्यात ज्वारी घेऊन गिरणीत गेलो. रांग होती. थांबलो आणि दळून आणली.