अकरावं मत

पुएर्तो उरुन्दाय,
२८ फेब्रुवारी १९७२

ती. लिसांद्रोदादास,
इरुपेचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र आणि सोबतचं वर्तमानपत्र मिळालं. आपला क्लब राष्ट्रीय व्यावसायिक स्पर्धेत गेल्याच्या बातमीचे खिळे छापखान्यात तू स्वतः जुळवलेस, हे मी बाबांना मोठ्यानं वाचून दाखवलं. त्यांनी चष्मा लावून ती दोनदा वाचली आणि गावाच्या नावात एक अक्षर चुकलंय म्हणून सांगितलं. म्हणजे खूश आहेत असं समज. निदान तेव्हा होते.

आता काळजीचं लिहिते. अध्यक्ष एवारिस्तो मात्सुकी यांच्या डोक्यात जर्सीचा रंग बदलायचं खूळ शिरलंय. त्यांचं म्हणणं, आता आपण टेलिव्हिजनवर दिसणार, आणि आपला हा तांबूस तपकिरी रंग पडद्यावर चिखलात लोळल्यासारखा दिसतो. बाहेरगावी गेलं की सगळे आपल्याला ‘मळके’ म्हणून चिडवतात हेही त्यांना सोसत नाही. त्यांना पांढरी जर्सी हवी, वर निळा पट्टा. माणूस वाईट नाही रे, क्लबाच्या खुर्च्या स्वतःच्या ट्रकमधून वाहून नेतो. पण हट्टी आहे.

क्लबाच्या घटनेत कलम आहे, की संस्थापकांनी निवडलेला रंग बदलता येणार नाही. मात्सुकी विचारतात, निवडला कुणी? पुरावा दाखवा. सन १९१२ ची वही तर सहासष्टच्या पुरात वाहून गेली. तेव्हा १९ मार्चच्या रविवारी सभासदांची सभा ठेवलीय. हयात असलेले एकमेव संस्थापक आणि पहिले गोलकीपर म्हणून बाबांनी बायबलवर हात ठेवून साक्ष द्यायची. त्यांनी सांगितलं की रंग निवडला होता, तर विषय मिटला. नाहीतर मतदान, आणि मतदानात मात्सुकीच जिंकतील असं सगळे म्हणतात.

मला वाटलं, बाबांना हे म्हणजे गोड खाऊ. पण साक्षीला बोलावल्याची क्लबाची चिठ्ठी आल्या दिवसापासून त्यांचं जेवण तुटलंय. काल सुरुबी माशाचं कालवण केलं, तेही ताटात तसंच राहिलं. ट्रंकेतला गोलकीपरचा जुना राखाडी स्वेटर काढून मांडीवर घेऊन बसतात, ह्या उकाड्यात. विचारलं तर पाठ दुखते म्हणतात. तूच काहीतरी सुचव.

तुझी,
इरुपे


रोसारिओ,
४ मार्च १९७२

चि. इरुपे हिस,
अ. उ. आ.

अक्षर चुकलं ते माझ्या शेजारच्या टेबलावरच्या माणसानं चुकवलं, हे बाबांना आधी सांग. ते मानणार नाहीत, तरी सांग.

बाबांना भाषणाची भीती वाटेल हे मला पटत नाही. दरवर्षी वर्धापनदिनाला ते भाषण ऐकून ऐकून मला झोपेतही म्हणता येतं. पहिल्या सामन्याआधी अकरा जण लापाचोच्या झाडाखाली जमले, कुऱ्हाडीवर हात ठेवला आणि ठरवलं, की ज्या क्वेब्राचोच्या लाकडावर आपलं पोट चालतं त्याच्या गाभ्याच्या रंगातच खेळायचं. इथं आवाज चढवायचा, इथं रुमाल काढायचा. इतकी वर्षं म्हणत आले, आणखी एकदा म्हणतील.

ज्या माणसानं तुझा जन्मदाखला करायला निघून वाटेत आधी क्लबात तुझं सभासदाचं कार्ड केलं आणि मग तिथंच गप्पा मारत बसला, म्हणून तुझा दाखला तीन दिवस उशिराचा आहे, तो माणूस क्लबासाठी बोलायला कचरतो म्हणजे दुसरंच काही असणार. डॉक्टरांना दाखव. आणि ते ऐकत नसतील तर सरळ भांड. तुला ते माझ्यापेक्षा बरं जमतं.

मला सुट्टी मिळणं कठीण दिसतं, पण खटपट करतोय. पत्र लगेच टाक.

तुझा,
लिसांद्रोदादा


पुएर्तो उरुन्दाय,
८ मार्च १९७२

ती. दादास,
सा. न. वि. वि.

डॉक्टरांची गरज नाही. पाठ दुखत नव्हती, मन दुखत होतं.

सोमवारी दुपारी मी मातेचा चहा भरून त्यांच्या हातात दिला. त्यांनी नळी तोंडाला लावलीच नाही, आणि एकदम बोलायला लागले. दादा, कुणीच काही निवडलं नव्हतं. सदरे पांढरे होते. पिठाच्या पोत्यांचे, रमोनाआत्यानं शिवलेले. सामन्याच्या आदल्या दिवशी जुलैच्या ऐन हिवाळ्याची थंडी होती, म्हणून तिनं ते कारखान्यामागच्या पाटात धुतले. बॉयलरचं पाणी त्यात यायचं, ते कोमट असायचं. पण कातडी कमावायला क्वेब्राचोचा जो अर्क काढत, त्याचाच धोवणाचा पाट तो. गावातल्या सगळ्या बायका तिथंच धुवायच्या, कारण धुवायला कामाचे कपडेच असायचे आणि ते आधीच तपकिरी. पांढरं असं कुणाकडे काही नव्हतंच, तर पांढऱ्याचं काय होतं हे कळणार कसं? सकाळी दोरीवर सगळे सदरे गंजल्यासारखे. दुसरे नव्हते म्हणून तेच घालून पोरं कंपनीच्या इंग्रज कारकुनांशी खेळली.

सामन्यात बाबांच्या डोक्याला लाथ बसली आणि ते नऊ दिवस अंथरुणात होते, हे आपल्याला माहीत आहे. उठल्यावर त्यांनी आत्याला चारचौघांत वाटेल तसं बोलून घेतलं, हे मात्र मी पहिल्यांदा ऐकलं. पुढच्याच वर्षी ती एका नाववाल्याशी लग्न करून कोरिएन्तेसला गेली, आणि बाबांना पश्चात्ताप झाला. तिला कुणी हसू नये म्हणून त्यांनी पहिल्या वर्धापनदिनाला ती झाडाखालची शपथ मनानं रचली. बाकीचे दहाजण समोर बसले होते. त्यांनी ऐकलं आणि माना डोलावल्या. बाबा म्हणाले, देवमाणसं होती, माझ्यासाठी दहाही जण मरेपर्यंत खोटं बोलले.

आता ते कात्रीत सापडलेत. खरं सांगितलं तर रंग जातो. खोटं सांगायचं तर बायबलवर हात ठेवून, आणि तेही एक्क्याऐंशीव्या वर्षी. म्हणाले, कारखाना बंद पडला, रेल्वे गेली, जंगल तर कधीच तुटलं. त्या क्वेब्राचोची खूण आता फक्त आपल्या पोरांच्या पाठीवर राहिलीय, आणि ती माझ्याच तोंडून पुसली जायची. मग रडले. मी त्यांना आईच्या वेळेलाही रडताना पाहिलं नव्हतं.

त्यांना न विचारता मी आत्याला सगळं लिहून कळवलंय. ती काही करू शकेल असं नाही, पण त्या दिवशी त्यांच्याजवळ त्यांच्या वयाचं कुणी असावं असं वाटलं.

तुझी,
इरुपे


कोरिएन्तेस,
१३ मार्च १९७२

चि. इरुपे हिस,
रमोनाआत्याचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वाचून आधी हसले, मग रडले, आणि तेवढ्यात भट्टीतला चिपा पाव करपला. तो भुर्दंड तुझ्या बापाकडून वसूल करणार आहे.

सदरे मी बिघडवले हे खरं. पण पुढचं त्याला माहीतच नाही, आणि त्याला माहीत नाही हे मला आज कळलं. सामना पोरांनी दोन-एकनं जिंकला. तरी मला इतकी लाज वाटत होती की मी एक सदरा घेऊन त्याला आंबट संत्र्याचा रस आणि मीठ चोळलं, तीन दिवस उन्हात घातला. चांगला पांढरा निघाला. तो घेऊन मी लापाचोच्या झाडाखाली गेले आणि सांगितलं, की आठवडा द्या, सगळेच काढून देते. निकानोर लोहार कप्तान होता. त्यानं एका हातात तो पांढरा धरला, दुसऱ्यात तांबडा. मग स्वतःच्या तळव्यांकडे बघितलं. म्हणाला, आपले हात दिवसभर ह्याच रंगाचे असतात, रविवारी ते लपवायचे कशाला? ज्याला हाच ठेवायचाय त्यानं हात वर करा. दहा हात वर झाले, मी मोजले. पुढं लग्न होईपर्यंत दर शनिवारी मी त्यांचे सदरे मुद्दाम त्याच पाटात धुतले.

तुझा बाप तेव्हा डोकं बांधून पडला होता. शिवाय गोलकीपर म्हणून त्याचा स्वेटर लोकरीचा, राखाडी. तो धुण्यात नव्हताच. म्हणून त्याला विचारायचं कुणाला सुचलं नाही. सांगायचं मीच होतं, आणि पोरांना वाटलं मी सांगितलंच असेल. पण हा उठला तो पहिलं वाक्य म्हणाला, की मी अख्ख्या संघाच्या तोंडाला काळं फासलं. मग मीही त्याचीच बहीण. तोंड मिटलं ते मिटलं. तो दरवर्षी भाषण करतो हे कानावर यायचं. मला वाटायचं, चला, कळलं वाटतं कुणाकडून, पण माफी मागायला काही येत नाही.

तो पांढरा सदरा माझ्याकडे आहे. माझ्या चारही लेकरांना जन्मल्यावर पहिल्यांदा त्यातच गुंडाळलं. रविवारी सकाळच्या लाँचनं मी तो घेऊन येते. सेलेस्तिनोला काही सांगू नकोस. साठ वर्षं थांबलेय, मला त्याचं तोंड बघायचंय.

तुझी,
आत्या


पुएर्तो उरुन्दाय,
२० मार्च १९७२

ती. दादास,
सा. न. वि. वि.

सुट्टी मिळाली नाही म्हणून तू काय हुकवलंस ते ऐक.

क्लबाचं सभागृह खच्चून भरलं होतं, खिडक्यांतही माणसं. बाबांना पुकारलं. ते उठले, बायबलवर हात ठेवला आणि नुसते उभे राहिले. मला धरणी दुभंगावी असं झालं होतं, कारण लाँचला उशीर झाला होता. इतक्यात दारातून आत्याचा आवाज आला, की सेलेस्तिनो, हात काढ, तू तिथं नव्हतासच.

मात्सुकी लगेच म्हणाले, सभासद नसलेल्याला बोलता येणार नाही. सगळे त्यांच्यावर ओरडायला लागले, पण आत्याच म्हणाली, बरोबर आहे त्यांचं, नियम तो नियम. मग त्या माणसानं काय करावं? खिशातून पेन काढलं, आत्याला खुर्ची दिली आणि तिथल्या तिथं तिचं कार्ड भरलं. क्रमांक २३०७. वय विचारायची मात्र छाती झाली नाही.

आत्यानं शपथ घेऊन सगळं सांगितलं, बिघडलेल्या धुण्यापासून निकानोरच्या तळव्यांपर्यंत. मग निकानोरसारखाच एका हातात पांढरा सदरा धरला, दुसऱ्यात यंदाची जर्सी. मागच्या बाकावरून एक म्हातारा उठला, तो निकानोरचा मुलगा. म्हणाला, वडील हेच सांगायचे, पण आम्हाला वाटायचं भाषणातलंच सांगतात. मात्सुकींनी चष्मा पुसला आणि स्वतःच ठराव मागे घेतला. म्हणाले, मला वाटत होतं आपण मळलो, इथं तर मळायचं ठरवलं होतं.

बाबा घरी आल्यावर एकदम हसायला लागले, ते कवळी काढून ठेवावी लागली. मग कालवणाच्या तीन ताटल्या संपवल्या आणि आत्याशी करपलेल्या चिपावरून भांडले. दादा, किती दिवसांनी मी रात्री शांत झोपले.

तुझी,
इरुपे


पुएर्तो उरुन्दाय,
४ एप्रिल १९७२

चि. रमोना हिस,
सेलेस्तिनोचे अनेक आशीर्वाद.

तू गेल्यावर घर सुनं वाटतं. परवा स्पर्धेतला पहिला सामना झाला. पाहुण्यांचे लोक ‘मळके, मळके’ ओरडायला लागले, तर आपल्याच लोकांनी तेच त्यांच्यापेक्षा मोठ्यानं ओरडायला सुरुवात केली. पाहुण्यांना मग ओरडायला काही उरलं नाही. बरोबरीत सुटला. आपला गोलकीपर बरा आहे, पण उंच चेंडूला उशिरा उडी मारतो. मी त्याला सांगणार आहे.

साठ वर्षं मी त्या दहा जणांचे मनातल्या मनात उपकार मानत आलो, की माझ्या एका खोट्यासाठी बिचारे जन्मभर माना डोलावतात. एकेकाच्या दफनाला जाताना वाटायचं, माझ्यामुळे हा खोटं पोटात घेऊन चालला. आणि ते सगळे खरंच बोलत होते. खोटं बोलणारा मी एकटाच होतो. हे कळल्यापासून इतकं हलकं वाटतं की काठी घरी विसरतो.

तुला तेव्हा जे बोललो ते बोलायला नको होतं. हे त्याच आठवड्यात येऊन सांगायला हवं होतं. आता सांगतो. चूक माझी होती, आणि तुझी आठवण दर शनिवारी यायची.

सोबतच्या पुडक्यात माझा राखाडी स्वेटर आहे. आपल्या संघात हा रंग कधीच अंगाला न लागलेला मी एकटा. पाट आता कोरडा पडलाय, म्हणून इरुपेनं लाकूडवखारीतून क्वेब्राचोचा भुसा आणलाय, तोही पिशवीत घातलाय. मोठ्या पातेल्यात उकळ आणि स्वेटर बुडव. आकसला तरी हरकत नाही, मीही आकसलोय. तू मोजलेस ते दहा हात होते. अकरावा आज वर करतोय, तोही मोजून घे.

तुझा,
दादा