सात डब्यांत नसलेला आवाज

बंद पडलेल्या स्टुडिओतून काल घरी आले ते असे : फिल्मचे सात डबे आणि ह्यांचा लोकरी कोट. हमाली तीन तोमान, तीही घासाघीस करून.

अल्लाच्या नावाने. मी, तूबा, मरहूम सिनेनट नुसरत लंगरुदी यांची पत्नी, शिक्षण मॅट्रिक, आजारी असले तरी पूर्ण शुद्धीत, कोणाच्या दडपणाखाली नव्हे तर स्वखुशीने लिहिते :

१. घर एकुलता मुलगा फरामर्ज़ याचे. अंगणातले डाळिंब तोडू नये.

२. शिवणयंत्र शेजारच्या माहरुखला. तेल तिने आणावे.

३. माझ्या पैशांचा तिसरा हिस्सा माझ्या मर्जीने देण्याची शरियतची मुभा आहे. त्यातून शूटिंगपायी ह्यांच्या बुडालेल्या नमाजा एखाद्या पापभीरू माणसाकडून पढवून घ्याव्यात.

४. कोट मनुचेहर आगांना. सगळ्या सिनेमांत ह्यांच्या तोंडी आवाज त्यांचा. ह्यांच्या बोलण्यात गिलानकडच्या लंगरुद गावाचा हेल. डायरेक्टर म्हणाला, "चेहरा हिरोचा, बोलणं भातखाचरातलं!" मग ह्यांनी नुसते ओठ हलवायचे. घरी येऊन हसायचे, "तूबा, आज त्या पोरीला मी काय काय बोललो, ते सिनेमा लागला की मलाही कळेल." पण स्वतःच्या सिनेमाला शेवटपर्यंत कधी बसले नाहीत.

ह्यांच्या चाळिसाव्याला मनुचेहर आगा दारातून म्हणाले, "खानम, धीर धरा." आतल्या बायका किंचाळल्या, "अगं बाई, नुसरत आगा!" ते बिचारे न जेवताच परतले. ह्यांच्या तोंडचा आवाज घेतला म्हणून त्यांच्यावर धरलेला माझा राग तिथेच संपला. थंडीत त्यांनी घसा जपावा.

५. डबे. हॅम्बर्गला जन्मलेली नात गुलनार लिहिते, "आजी, आजोबांचा आवाज ऐकायचाय." तो ह्या डब्यांत नाही, कुठे टेपही केलेला नाही. फरामर्ज़, तो आता फक्त तुझ्या घशात उरलाय. तिकडे जाऊन तू हेल पुसलास, पण फोनवर चिडलास की अजून येतो. डबे तुझे, पण एका अटीवर : आवाज बंद ठेवून ते गुलनारला दाखवायचे, आणि पडद्यावर ह्यांचे ओठ हलले की शेजारी बसून तू बोलायचेस, लंगरुदच्या हेलात. वाक्ये चुकली तरी चालतील. लाजायचे नाही.

सही : तूबा लंगरुदी
साक्षीदार : हाजी रहमत सब्ज़ेवारी (मशिदीचे इमाम) आणि अस्कर (माहरुखचा नवरा)
तेहरान, १२ आबान १३५३ (तुमच्याकडचे ३ नोव्हेंबर १९७४)

फरामर्ज़, बोलशील ना? डॉक्टरांनी मला फार दिवस दिलेले नाहीत. उलट टपाली कळव.