एक्केचाळीस नंबर आणि भाऊजींचं सफरचंदाचं झाड

तीर्थरूप सिग्रिडताईस,

धाकट्या हॅल्वरचा दोन्ही हात जोडून नमस्कार. (उजवा हात सध्या गळ्यात अडकवलेला आहे, तो मनाने जोडला असं समज. अक्षर डाव्या हाताचं आहे, त्यामुळे लहानपणी माझ्या अक्षराला जी नावं ठेवायचीस ती याही वेळी ठेवायला हरकत नाही.) तुझे गुडघे कसे आहेत? ॲरिझोनाच्या उन्हाने दुखणं पळतं असं तुझी लेक म्हणते, पण मला विचारशील तर ज्या गावात सप्टेंबरात अंगात लोकरीचा शर्ट घालता येत नाही, तिथे माणसाचं काय बरं होणार? जावईबापू अजून गवताच्या जागी दगड पसरून त्याला बाग म्हणतात का? त्यांना माझा नमस्कार सांग. दगडांना सांगू नकोस.

इकडे सगळं ठीक आहे. तुझ्या घराचे पाइप मी थंडीआधी गुंडाळून ठेवले आहेत, छपरावरची मार्टिन पाखरं गेली, आणि चर्चच्या तळघरातली कॉफी अजून तशीच पाणीदार आहे. फोनवर सांगितलं असतं, पण फोनवर तू मला आजवर एकही वाक्य पुरं करू दिलेलं नाहीस, आणि हा मजकूर मधेच तोडण्यासारखा नाही.

तर यंदा डोंगरमाथ्यावरच्या पाइनला फळच धरलं नाही. तुला ठाऊकच आहे, त्या पाइनच्या बिया खारी पुरून ठेवतात आणि आपली ग्रिझली मंडळी खारींची कोठारं आयती लुटतात. (यालाच आमच्या वन्यजीव खात्यात अन्नसाखळी म्हणतात. गावात याला चोरी म्हणतील, पण आम्ही निसर्गाच्या कामात तोंड घालत नाही.) बिया नाहीत म्हटल्यावर खारी उपाशी, खारी उपाशी म्हटल्यावर अस्वलं उपाशी. त्यात उन्हाळ्यात बोरंही वाळली. झोपायच्या आधी अंगावर चरबी चढली पाहिजे, नाहीतर गुहेत गेलेलं अस्वल वसंतात बाहेर येईलच याचा भरवसा नसतो. म्हणून सगळी खाली उतरली. नॅशनल पार्कची हद्द कुठे संपते आणि आपलं गाव कुठे सुरू होतं हे पाटीवर लिहिलेलं आहे, पण पाटी वाचणारं अस्वल मला अजून भेटायचं आहे.

एल्क हरणांचं तर विचारूच नकोस. माजाचे दिवस. एका थोराड नराने आपला सगळा जनानखाना चर्चच्या हिरवळीवर आणून बसवला आणि पाद्री ऑस्कर गाडीतून उतरले की हा शिंगं खाली घालून धावायचा. त्याला पाद्री म्हणजे प्रतिस्पर्धी वाटत असावा. बिचाऱ्यांनी गेल्या रविवारचं प्रवचन गाडीची काच बोटभर खाली करून दिलं आणि आम्ही सगळ्यांनी ते पायऱ्यांवर उभं राहून ऐकलं. विषय होता शेजाऱ्यावरचं प्रेम. लोक म्हणाले, बऱ्याच वर्षांत इतकं आटोपशीर प्रवचन झालं नव्हतं. मला एल्क हाकलायला बोलावलं होतं, पण मी पोचलो तेव्हा तो गाडीच्या चकचकीत दारात स्वतःचंच रूप बघून त्याच्याशी भांडत होता, आणि अशा वेळी मधे पडू नये हे मी भाऊजींकडून शिकलो आहे.

पण मूळ गोष्ट एक्केचाळीस नंबरची. (आम्ही अस्वलांना नावं ठेवत नाही, नंबर देतो. नाव दिलं की माया लागते, असा आमच्या मार्व्हिनसाहेबांचा नियम आहे. नंबरानेही माया लागते, हे त्यांना कुणी सांगितलेलं नाही.) तरणी मादी आहे, कानात पिवळा बिल्ला, चालताना डावा खांदा जरा उडवते. गेल्या साली हिने व्हर्नाबाईंच्या कोंबड्यांच्या खुराड्याचं दार उघडलं. मोडलं नाही, उघडलं. व्हर्नाबाईंना कोंबड्यांपेक्षा त्याचाच राग जास्त आला, कारण ती कडी त्यांना स्वतःला उघडत नाही. आम्ही तिला पकडलं, झोपवलं, गाडीत घालून डोंगरापलीकडे पार नदीच्या उगमाशी सोडून आलो. परतताना गाडीचं चाक चिखलात रुतलं, आणि आम्ही गावात पोचलो तोवर ती बाईसाहेब आमच्याही आधी गावासमोरच्या उतारावर येऊन ठेपली होती.

तेव्हाच मार्व्हिनसाहेबांनी सांगून टाकलं, "हॅल्वर, आता पुढच्या वेळी गाडी नाही. गावातलं काही खाताना दिसली, की बंदूक." साहेब वाईट नाहीत गं. माणसांच्या खाण्याची चटक लागलेलं अस्वल आज सफरचंद खातं, उद्या स्वयंपाकघरात शिरतं, आणि परवा कुणाचं तरी लेकरू मधे येतं. मी स्वतः गावोगाव हेच सांगत हिंडतो. पण ती बंदूक ज्याच्या खांद्यावर असते तो मी आहे, ताई. आजवर दोनदा चालवली आहे आणि दोन्ही वेळा त्यानंतर मला जेवण गेलेलं नाही.

म्हणून यंदा मी गावात दवंडी पिटली, की सगळ्यांनी झाडं रिकामी करा. लोकांनी ऐकलं. सगळं गाव शिड्या घेऊन बाहेर पडलं, सगळी सफरचंदं उतरवली, अस्वलाला वास येईल म्हणून एकही जमिनीवर ठेवलं नाही. आणि मग त्याच सफरचंदांचे गरम गरम ‘ॲपल पाय’ भाजून सगळ्या घरांनी खिडक्यांत निवत ठेवले! मी घरोघर जाऊन ते आत घ्यायला लावले. (प्रत्येक घरी एकेक तुकडा खावा लागला. खात्याच्या कामात असे त्याग करावे लागतात.)

फक्त एक झाड राहिलं. तुझं. तू जाताना सांगून गेलीस ना, की पहिलं बर्फाळ दहिवर पडेपर्यंत एकाही फळाला हात लावायचा नाही, कारण एनार भाऊजी लावत नसत? मी व्हर्नाबाईंना म्हटलं, "चला, शिडी धरा." तर त्या दोन पावलं मागे सरकल्या. म्हणाल्या, "सिग्रिडच्या झाडाला? हॅल्वर, मला अजून या गावात राहायचंय!" मी म्हटलं, ती ॲरिझोनात आहे. तर म्हणतात, "असेना का. तिला तिथूनही दिसतं."

मग मला एक युक्ती सुचली. (तू इथे असतीस तर इथेच थांबवलं असतंस.) एक्केचाळीस नंबरने फळ खाण्याआधीच ती पिंजऱ्यात सापडली, तर गुन्हाच घडलेला नाही. मग बंदूक कशाला, पुन्हा एकदा डोंगरापलीकडे. मार्व्हिनसाहेब "बरं, शेवटचं" म्हणाले. मी चाकांवरचा तो लोखंडी नळकांड्याचा पिंजरा ओढून आणला, तुझ्या झाडाखाली उभा केला, आत गाडीखाली मेलेल्या हरणाची तंगडी टांगली, आणि चारी बाजूंना माझ्या त्या पाट्या लावल्या: धोका, अस्वलाचा पिंजरा, जवळ येऊ नये, आतून कसलाही आवाज आला तरी येऊ नये. ही शेवटची ओळ माझी स्वतःची. ती मी चर्चमध्ये, शाळेत, पोस्टात उभं राहून सगळ्यांकडून पाठ करून घेतली आहे, आणि तिचा मला अभिमान होता.

तंगडी जरा वाकडी लटकत होती. ती सरळ करायला मी आत शिरलो. आपल्या कामात पहिला धडा हा असतो, की आत शिरताना दाराला खुंटी लावायची. मी तो धडा शिकवतो. शिकवणाऱ्याला वाटतं, आपल्याला तो लागू नाही. दार कोसळलं ते थेट माझ्या कोपरावर, आणि मी त्या तंगडीसकट बंद झालो. भर दुपार होती. वायरलेस गाडीत, गाडी रस्त्यावर.

मी ओरडलो. नळकांड्यात माणसाचा आवाज असा घुमतो, की माझा मलाच ओळखू येईना. थोड्या वेळाने रस्त्यावर व्हर्नाबाई आणि पाद्री ऑस्कर दिसले. जीव भांड्यात पडला म्हणतोय तोवर दोघं पाटीपाशी थबकले. मी आणखी जोरात हाका मारल्या. ते आणखी मागे गेले. लांबून बोलणं ऐकू येत होतं.

"सापडलं वाटतं," पाद्री म्हणाले.

"आजारी आहे हो बिचारं. आवाज बघा कसा बसलाय."

"जवळ जाऊन बघू या का?"

"मुळीच नाही! हॅल्वरने काय सांगितलंय? कसलाही आवाज आला तरी!"

माझ्या शिकवणुकीचं असं चीज झालेलं मी पहिल्यांदाच पाहिलं. दोघं साहेबांना फोन करायला वळले, आणि तेवढ्यात मागच्या जाळीशी कुणीतरी फुसकारलं. वळून बघतो, तर पिवळा बिल्ला. तिचं नाक आणि माझं नाक यांच्यामध्ये फक्त जाळी. खरं सांगतो, ताई, मी घाबरलो. ती नाही घाबरली. तिने मला हुंगलं, तंगडीला हुंगलं, दोन्हींत फारसा फरक नाही असं ठरवलं, आणि मागच्या पायांवर उभी राहून भाऊजींच्या झाडाच्या खालच्या फांदीकडे हात नेला.

आता एक फळ तोंडात गेलं की ती मेली. आणि बघणारा मी. खोटं मला सांगता येत नाही, हे तुला माहीत आहे. काय करावं सुचेना, म्हणून जे आलं ते केलं. ख्रिसमसच्या सकाळी आपण म्हणतो ते आजीचं नॉर्वेजियन स्तोत्र, तेच, खर्जातलं, छातीत होता नव्हता तेवढा वारा भरून सुरू केलं. सगळं लोखंड थरथरलं. एक्केचाळीस नंबरने फांदी सोडली, कान पाडले, आणि असं काही पाहिलं माझ्याकडे, जसं मी चर्चच्या गायकवृंदात नाव नोंदवलं तेव्हा तू पाहिलं होतंस. मग कुंपणावरून उडी मारून गेली. फळ जागच्या जागी! मी सगळी कडवी म्हणून टाकली, न जाणो परत फिरली तर. रस्त्यावरून व्हर्नाबाईंचा आवाज आला, "ऑस्कर, हे अस्वल तर आपलं स्तोत्र म्हणतंय!" आणि पाद्री शांतपणे म्हणाले, "म्हणू दे. सूर हॅल्वरपेक्षा बरा आहे."

साहेबांनी येऊन दार उघडलं. आधी हातातली भुलीची बंदूक माझ्यावर रोखली होती, मग ओळखलं. कोपराचं हाड चिरलंय, पण बरं होईल असं डॉक्टर म्हणतात. तेवढं सोडलं तर आम्ही सगळे मजेत आहोत. नातवंडांना गोड पापा. गुडघ्यांना जप.

तुझा धाकटा भाऊ,
हॅल्वर

ता. क. पत्र लिहायचं खरं कारण वर राहूनच गेलं. ताई, ते झाड तोडायला परवानगी दे. फळं उतरवून भागत नाही, शेंड्याची कुणाच्याच हाताला येत नाहीत, आणि अस्वलाला एकदा कळलेलं झाड ते जन्मभर विसरत नाही. यंदा वाचली तरी पुढच्या साली येईल, आणि दर साली मी पिंजऱ्यात बसून गाणार नाही. भाऊजींनी ते तुमच्या लग्नाच्या वर्षी लावलं हे मला माहीत आहे. खड्डा मीच खणला होता. तरी मागतोय. उलट टपाली कळव.

आणखी ता. क. पाकीट चिकटवलेलं पुन्हा फोडतो आहे. आज सकाळी पत्र टाकायला निघालो, तर झाडाच्या खोडावर नखांचे ताजे ओरखडे, फळं तेवढी शाबूत, आणि साहेब गाडीला टेकून उभे. पिंजरा परत मागितला आणि बंदूक माझ्या डाव्या हातात दिली. तुझं उत्तर यायला पोस्टाला लागतील तेवढे दिवस एक्केचाळीस नंबरपाशी नव्हते. मी बंदूक गाडीत ठेवली आणि भाऊजींची ती दोन मुठींची लांब करवत आणली. एक मूठ मी डाव्या हाताने धरली. दुसरी कोण धरणार म्हणून बघतो, तर व्हर्नाबाई बाह्या सरसावून उभ्या. रडत होत्या, पण करवत सोडली नाही. म्हणाल्या, "सिग्रिडला लिही, मला कुणी भरीला घातलं नाही, मी आपणहून ओढली." पाद्रींनी सगळी सफरचंदं गोळा करून गाडीत भरली. मीही रडलो, ताई. झाड पडताना भाऊजी दुसऱ्यांदा गेल्यासारखं वाटलं.

वरची परवानगीची विनंती खोडत नाही. मनापासून केली होती, म्हणून वाच आणि परवानगी दे.

अगदी शेवटचं, दुसऱ्या दिवशी उजाडल्यावर. काल संध्याकाळी ती आली होती. मी तुझ्या पायरीवर बसून पाहत होतो, बंदूक मांडीवर. बुंध्याभोवती हिंडली, भुसा हुंगला, बराच वेळ नुसती उभी राहिली. मग डावा खांदा उडवत डोंगराकडे गेली. आत्ता दुर्बिणीतून दिसली, पार्कच्या हद्दीत खूप आत, लांडग्यांनी पाडलेल्या एल्कवर ताव मारते आहे, आणि लांडगे बाजूला रांगेने बसले आहेत, पंगत उठायची वाट बघत.

बुंधा मी मुद्दाम खुर्चीएवढा उंच ठेवायला लावला आहे, तुझ्या गुडघ्यांना वाकावं लागू नये म्हणून. पत्रातून रागावू नकोस, मला डाव्या हाताने उत्तर लिहिणं जड जातं. इथे ये, त्याच्यावर बस, आणि पोटभर रागव.