काळ्या झग्यातली सासू

१२ मे १९०८, मंगळवार
आज बेलव्हिलच्या आमच्या उतारावरच्या गल्लीत सिनेमावाले आले. डायरेक्टर मोस्यू गोदफ्रॉय माझ्याकडे बघतच राहिले. म्हणाले, "आजी, सासू हवीय." जावई सुपाचं भांडं पळवतो, सासू त्याच्यामागे धावते, असा खेळ. लगेच हो म्हटलं. समोरच्या ऑनोरीनला खिडकीतूनच सांगितलं. चाळीस वर्षांची मैत्रीण, पण जळकी. म्हणाली, "तू धावणार? पाव आणायला तरी खाली उतरतेस का?" बघेल आता.

१३ मे
पडायची तालीम. पलंगावरून गादीवर तीनदा. त्यातून दोनदाच गादीवर. गुडघा सुजला. सासू जरा लंगडीच शोभते.

१४ मे, सकाळ
शिव्या पाठ केल्या, अकरा. मुलगी झेली म्हणाली, "आई, सिनेमात आवाज येत नाही." दुसऱ्यांचा येत नसेल.

१५ मे
झालं. दारात स्टुलावर कांदे सोलत बसले, जावयाने भांडं पळवलं, मी उठले, पहिली शिवी दिली. मोस्यू म्हणाले, "बस्स आजी, पुरे." एका फटक्यात पास. बाकीच्यांकडून दहादहा वेळा करून घेतात म्हणे. मग माझा काळा झगा नि टोपी मागून घेतली, आठवण म्हणून असणार. मला कोपऱ्यावर वाईन प्यायला बसवलं. बाहेर आरडाओरडा चालला होता. मी उठले नाही. मोठ्या नटीने गर्दीत जाऊ नये.

२० मे
धुण्याच्या हौदावर दोघींना सही दिली. नावातलं एक अक्षर सुटलं. घाईत मोठ्यांचं सुटतंच.

७ जून, रविवार
जत्रेच्या तंबूत सिनेमा. अख्खी गल्ली आलेली. पडद्यावर मी उठले, पापणी लवेपर्यंतच दिसले. पुढे नुसता माझा झगा धावला. आत भलताच कोणी. पायऱ्यांवरून कोलांट्या खात घोड्यांच्या पाण्याच्या हौदात पडला. टोपी सरकली, खाली मिशी. झेली कानात म्हणाली, "अगं, पडायची कामं पुरुषच करतात, बायकी कपडे घालून."

लोक हसून लोळत होते. बाहेर ऑनोरीनने मला मिठी मारली. "फिलोमेन, माफ कर गं. तू इतकी धावशील असं वाटलं नव्हतं."

गप्प बसायला हवं होतं. पण खरं बोलायची मला खोड. म्हटलं, "ती मी नव्हे. मिशी नाही दिसली तुला?"

"दिसली की," ऑनोरीन म्हणाली. "तुझी मिशी काय आजची आहे? आम्ही कधी बोललो का?"

घरी येऊन आरसा खिडकीशी नेला.

उद्या झगा परत मागायला जाणार होते. राहू दे. गल्ली म्हणते ती मीच, तर मीच.